रंगाचा डबा

गणपतीचा कार्यक्रम संपून तासभर होऊन गेला होता. हॉलच्या किल्ल्या परत करायची जबाबदारी माझी, म्हणून मी मागे राहिले होते. टेबलांवर अंथरलेले कागद गुंडाळून झाले होते, उरलेल्या मसालेभाताचं पातेलं कोणाच्या तरी डिकीत गेलं होतं, झाडून झालं होतं. सिडनीच्या पश्चिमेकडच्या उपनगरांत कौन्सिलचे असे पुष्कळ हॉल आहेत. शनिवारी एकाचं लग्न, रविवारी दुसऱ्याचा गणपती, मधल्या वारी ज्येष्ठांचा योगवर्ग. भिंतींना निम्म्या जगाच्या फोडण्यांचा वास लागलेला असतो. हॉल बंद करायला आलेली बाई पन्नाशीची असेल. आखूड, कुरळे, पांढरे होत चाललेले केस, कमरेला चाव्यांचा जुडगा, आणि शर्टाच्या खिशावर नखाएवढा काळा-पिवळा-लाल बिल्ला. तो इथल्या मूळ रहिवाशांचा, अ‍ॅबोरिजिनल लोकांचा झेंडा, इथे पोराटोरांनाही ओळखू येतो. ती मेकअपच्या खोलीतून बाहेर आली आणि माझ्या हातात एक डबा ठेवत म्हणाली, "हे तुमचं राहिलं वाटतं."

डबा रंगाचा होता. गडद तपकिरी, चेहऱ्याला लावायचा, ऑनलाइन मागवलेला. त्या दुपारी बारा मुलांचे चेहरे, हात आणि पोटऱ्या मी स्वतः त्या रंगाने माखल्या होत्या. दुसरी-तिसरीतली मुलं, कमरेला हिरव्या क्रेप कागदाची पानं, डोक्याला पिसं, हातात थर्माकोलचे भाले. कार्यक्रमपत्रिकेत लिहिलं होतं, ‘आदिवासी नृत्य’. मुलं उड्या मारत "हुर्र हुर्र" ओरडली, मोबाइल वर झाले, वन्समोअर मिळाला. एका पोराला रंगाने खाज सुटली म्हणून मी विंगेत त्याच्या मानेला खोबरेल तेल चोळत बसले होते, त्यामुळे दुसऱ्यांदाचा नाच मी पाहिलाच नाही. त्याच्या दोनच आयटम आधी आमच्या निवेदकाने मोबाइलमधून वाचून दाखवलं होतं, की ज्या भूमीवर आपण जमलो आहोत तिचे पिढ्यान्‌पिढ्यांचे राखणदार जे धारुग लोक, त्यांना आम्ही वंदन करतो. इथे कोणत्याही समारंभाची सुरुवात अशी करायची पद्धत आहे. बिचाऱ्याने ‘धारुग’चा ‘दरोगा’ केला. पुढच्या रांगेतले दोघं हसले. मीही हसले.

तिने डब्याचं झाकण घट्ट लावून आणलं होतं.

आणखी ती काही बोलली नाही. नाही, बोलली, फरशी छान स्वच्छ ठेवलीत, सगळे ठेवत नाहीत, असं म्हणाली. बेसिनमध्ये मुलांनी हात धुवून जो चिखल केला होता तो तिने पुसून काढला होता, हे मला नंतर दिवा बंद करायला गेले तेव्हा दिसलं. नाच चालू असताना मागच्या दाराशी कोणीतरी उभं होतं असं मला अंधुक आठवतं. ती होती का, माहीत नाही. बिल्ला लावणारी प्रत्येक व्यक्ती अ‍ॅबोरिजिनलच असते असंही नाही. मी विचारलं नाही. गाडीत बसल्यावर नवरा म्हणाला, "अगं, तो आपला आदिवासी नाच होता, त्यांचा नव्हे. तिला काय वाटायचंय?" वाक्य खरं होतं. तरी त्यातला ‘आपला’ हा शब्द दाताच्या फटीत अडकलेल्या बडीशेपेसारखा राहून गेला. कोणाचा आपला?

नगर जिल्ह्याच्या डोंगरपट्ट्यात, तालुक्याच्या गावी माझी शाळा झाली. आमच्या वर्गात ठाकरवाडीची एक मुलगी होती. तिचं नाव इथे लिहीत नाही. ती हे वाचेल असं वाटत नाही, पण वाचलंच तर तिला ते आवडेल का, हे मला ठरवता येत नाही. सातवीच्या गॅदरिंगला बाईंनी आदिवासी नाच बसवायचा ठरवला, तेव्हा आम्हा गावातल्या मुलींना पावलं येईनात. मधल्या सुट्टीत तिने ती आम्हाला चिंचेखाली शिकवली. एकमेकींच्या कमरेला हात घालून वाकायचं कसं, टाच कधी आपटायची, आणि मुख्य म्हणजे घाई करायची नाही. आमची सारखी घाई व्हायची. ती हसायची, तोंडाला पदर नसताना पदर असल्यासारखा हात लावून. नाचात मात्र ती नव्हती. कारण कोणी वाईट नव्हतं. तिची एसटी पाचला सुटायची आणि गॅदरिंग सातला होतं. तिला मुक्कामाला कोणाकडे ठेवावं, हे बाईंच्या डोक्यात आलं नाही आणि आमच्याही आलं नाही. माझं घर शाळेपासून चार मिनिटांवर होतं. गॅदरिंगच्या संध्याकाळी आईने चुलीवरच्या पातेल्याची काजळी खोबरेल तेलात कालवून माझ्या हातापायांना चोळली, आणि मी ठाकर झाले.

‘जैत रे जैत’ आमच्याकडे जीव की प्राण. आजही घरी पोळ्या करताना त्यातली गाणी लावते आणि पिठाच्या हातानेच आवाज वाढवते. स्मिता पाटीलची चिंधी आणि मोहन आगाशेंचा नाग्या यांच्यावर माझा अजूनही विश्वास बसतो. १९७७ साली तो सिनेमा ज्या मायेने केला गेला ती माया खोटी नव्हती. पण चिंचेखालची ती मुलगी डोळ्यांसमोर आली की मनात येतं, तिला ठाकर म्हणून मोठ्या पडद्यावर बघायला मिळालं ते स्मिता पाटीलच्या चेहऱ्यात. मला मराठी म्हणून जे शेकडो चेहरे मिळाले, त्यांतला एकही निवडून घ्यायची मला कधी गरज पडली नाही.

त्या रात्री झोप आली नाही म्हणून मी लॅपटॉप उघडला. वीस वर्षं या देशात राहून, नागरिकत्वाची परीक्षा पास होऊन, मला इथल्या एकाही अ‍ॅबोरिजिनल नटीचं नाव पटकन सांगता आलं नसतं. फार तर डेबोरा मेलमन, कारण ती टीव्हीवर दिसते. शोधताना आधी सापडला तो १९५५ चा ‘जेडा’. ऑस्ट्रेलियाचा पहिला रंगीत कथापट, आणि मुख्य भूमिकांत अ‍ॅबोरिजिनल माणसं असलेला पहिलाही. नायिका रोझली कुनॉथ, अ‍ॅलिस स्प्रिंग्जच्या मिशनच्या वसतिगृहातली पोरगी, वय सोळाच्या आसपास. पडद्यावर तिचं नाव बदलून ‘न्गार्ला’ केलं. रोझली हे नाव पुरेसं रानातलं वाटलं नसावं. परक्या पुरुषाच्या डोळ्याला डोळा द्यायचा नाही या वळणात वाढलेल्या मुलीला, पळवून नेणाऱ्या पुरुषाबरोबरचे प्रसंग करायला लावले होते. आणि याच सिनेमात जो नावाचा मिश्र वंशाचा तरुण आहे, ती भूमिका एका गोऱ्या नटाने चेहऱ्याला रंग लावून केली. ते वाचून मी उठले आणि बेसिनवर ठेवलेला आमचा डबा आतल्या कपाटात ठेवला. का ते मलाही कळलं नाही. घरात बघायला कोणीच नव्हतं.

मग एकातून एक निघत गेलं. १९७२ साली टीव्हीवर ‘बोनी’ नावाची मालिका सुरू झाली. त्यातला गुप्तहेर अर्धा अ‍ॅबोरिजिनल, नट न्यूझीलंडचा गोरा. त्याआधी, १९६७ साली, ‘जर्नी आउट ऑफ डार्कनेस’ नावाचा सिनेमा आला. त्यात पोलिसांचा अ‍ॅबोरिजिनल वाटाड्या झालेला नट गोरा, काळं फासलेला. आणि त्याने पकडलेला अ‍ॅबोरिजिनल कैदी झाला होता कमल. हो, तोच, कफ्तान घालून भारदस्त आवाजात गाणारा कमल, ज्याच्या तबकड्या इथल्या प्रत्येक म्हाताऱ्या गोऱ्या आजीकडे सापडतात. मलेशियात जन्मलेला तमिळ माणूस. म्हणजे रंगाचा डबा वाचवायचा असेल तर आपल्यासारखा कोणीतरी आणायचा. त्याच वर्षी या देशाने नव्वद टक्क्यांहून जास्त मतांनी ठरवलं होतं की अ‍ॅबोरिजिनल लोकांना जनगणनेत धरायचं. मोजायला सुरुवात झाली, तरी कॅमेऱ्यासमोर त्यांच्या जागी उभा होता कमल. त्याचा मला राग आला नाही. नवीन देशात मिळेल ते काम करणाऱ्या माणसाला मी नावं ठेवणार नाही. फक्त पडद्यावरच्या त्याच्या चेहऱ्याकडे बघताना मला माझे मामा दिसत राहिले.

पहाटे तीनच्या सुमाराला जस्टिन सॉन्डर्स सापडली.

आधी तिचा आवाज. ‘द फ्रिंज ड्वेलर्स’ या १९८६ च्या सिनेमात ती मॉली झाली आहे, गावाबाहेरच्या पत्र्याच्या वस्तीत राहणारी तीन मुलांची आई. या सिनेमात जवळपास सगळ्या मोठ्या भूमिका अ‍ॅबोरिजिनल नटांनी केल्या, तोही असा पहिलाच. कानच्या महोत्सवात स्पर्धेत गेला होता. दिग्दर्शक गोरा, मूळ कादंबरी लिहिणारी बाईही गोरी, आणि त्यावरून तेव्हा बोलणंही झालं. मॉलीच्या कुटुंबाला गावात सरकारी घर मिळतं. भिंती, नळ, कुंपण. मॉली खूष असते आणि त्याच वेळी त्या घरात पाहुण्यासारखी वावरते, सोफ्याच्या टोकावर टेकून. हे टेकणं मी ओळखते. या देशात आल्यावर पहिली दोन वर्षं माझी आई भेटीला आली की अशीच बसायची. मग नातलग येतात, येतच राहतात, मॉली कोणाला नाही म्हणू शकत नाही; एक दिवस नवरा भाड्याचे पैसे जुगारात घालवून बसतो, आणि सगळं पुन्हा पत्र्याखाली. मॉली फार काही करत नाही. सुस्कारा टाकते, चहा ठेवते, हसते तेव्हा सगळं अंग हसतं. मी तिला पन्नाशीची समजून बघत होते. नंतर हिशोब केला तर शूटिंगच्या वेळी तिचं वय बत्तीस-तेहतीस. आपल्या सुलोचनाबाई आठवल्या; आईच्या भूमिका वयाआधीच गळ्यात पडल्या की मग दुसरं कोणी बघायलाच तयार होत नाही.

जस्टिनचा जन्म १९५३ चा, क्वीन्सलँडमधल्या क्विल्पीचा, रेल्वेच्या रुळांच्या कडेला. तिचे लोक वोपाबुरा, केपल बेटांवरचे. अकरा वर्षांची असताना सरकारी माणसांनी तिला आईपासून काढून ब्रिस्बेनच्या एका कॉन्व्हेंटमध्ये नेऊन ठेवलं. आईला ती सापडायला दहा वर्षं लागली.

हे वाक्य मी दोन-तीनदा वाचलं. माझी मुलगी अकरा वर्षांची असताना एकदा शाळेतून येताना गाडीत झोपली, वेंटवर्थव्हिलला उतरायची ती थेट ब्लॅकटाउनला पोचली. फोन तिच्याकडे नव्हता. चाळीस मिनिटं. त्या चाळीस मिनिटांत मी फलाटावर काय काय नवस बोलले ते मी कोणाला सांगितलेलं नाही. त्यातला एक अजून फेडायचा आहे. स्टेशन मास्तरांच्या खोलीत ती चिप्स खात बसलेली सापडली. ब्लॅकटाउन. आम्ही कढीपत्ता, भाकरीचं पीठ, ताजे मटार आणायला दर शनिवारी जातो ते गाव. नावाचा अर्थ एवढा उघड असून त्याच्याकडे कधी लक्ष गेलं नव्हतं. १८१४ साली गव्हर्नर मॅक्वारीने पॅरामॅटाला अ‍ॅबोरिजिनल मुलांसाठी एक निवासी शाळा काढली, त्यांना ‘सुधारायला’. १८२३ मध्ये ती हलवली तिथे, आणि ती जागा ‘काळ्यांचं गाव’ म्हणून ओळखली जाऊ लागली. मुलं आई-बापांपासून तोडून ठेवलेली. याच शाळेतल्या चौदा वर्षांच्या एका मुलीने १८१९ च्या परीक्षेत शंभरेक गोऱ्या मुलांना मागे टाकून पहिला नंबर काढला होता. तिचं नाव मारिया लॉक. पुढे तिने जमिनीसाठी गव्हर्नरला अर्जही केला. मटार निवडताना आता ती मध्येच डोकावते.

जस्टिन नाटकाकडे वळली ती सत्तरच्या दशकात. सिडनीतल्या रेडफर्नमध्ये तेव्हा ब्लॅक थिएटर उभं राहत होतं, आणि ते उभं करणाऱ्यांत ती होती. लोक जमिनीच्या हक्कासाठी रस्त्यावर यायचे आणि तेच लोक संध्याकाळी तालमीला. १९७५ साली तिथे ‘द केक मॅन’ झालं. रॉबर्ट मेरिट यांनी ते तुरुंगात असताना लिहिलं होतं. मिशनच्या वस्तीतलं एक घर, खचलेला नवरा, बायबल घट्ट धरून बसलेली बायको रूबी, आणि एक लहान मुलगा. रूबी झाली जस्टिन. बाविसाव्या वर्षी, म्हणजे इथेही आईच. दहा वर्षांचा तो शोध धरला तर तिची स्वतःची आई तिला सापडली असेल ती साधारण याच्या आसपास. हा हिशोब माझा आहे, त्यात वर्ष इकडेतिकडे होईल. पण रोज संध्याकाळी मुलाच्या अंगावर पांघरूण घालायची भूमिका करताना या बाईच्या हातांना काय वाटत असेल, हा प्रश्न मला तालमीच्या खोलीपर्यंत घेऊन जातो आणि दाराशी सोडून देतो.

त्यानंतरच्या वर्षी ‘नंबर ९६’ या गाजलेल्या मालिकेत ती केशभूषा करणारी मुलगी झाली. साधी नोकरी करणारी, शहरातली. हे किती मोठं होतं ते मला पुढच्या तिच्या कामांची यादी पाहिल्यावर कळलं. तुरुंगातली बाई, पीडित बाई, वस्तीतली बाई, आई. अभिनय कितीही येत असो, दार उघडायचं ते याच खोल्यांचं. ती तक्रार करत घरी बसली नाही. १९८७ साली कॅनबेऱ्यात अ‍ॅबोरिजिनल नाटककारांची पहिली राष्ट्रीय परिषद भरली. त्यातून पुढे अ‍ॅबोरिजिनल नॅशनल थिएटर ट्रस्ट निघाला, त्याच्या उभारणीतही ती होती. म्हणणं साधं होतं: आमच्यावरची नाटकं पुष्कळ झाली, आता आमची लिहू द्या, बसवू द्या, तिकिटंसुद्धा आम्हालाच फाडू द्या. ट्रस्ट फार वर्षं टिकला नाही. पैसा आटला की अशा संस्था आटतात, हे आपल्या गावोगावच्या नाट्यमंडळांना वेगळं सांगायला नको. पण त्या दशकाच्या शेवटाशी आणि नव्वदच्या सुरुवातीला मेलबर्नमध्ये इल्बिजेरी, पर्थमध्ये यिरा याकिन, ब्रिस्बेनमध्ये कुएम्बा ज्डारा अशा मंडळ्या निघाल्या, त्यांच्या मागे ही माणसं होती.

एका शनिवारी मी रेडफर्नला गेले. कोप स्ट्रीट. जिथे ब्लॅक थिएटर होतं तिथे आता नवी इमारत आहे, कूरी रेडिओचं ऑफिस. कूरी म्हणजे या भागातले अ‍ॅबोरिजिनल लोक. मी काय बघायला आले होते कोणास ठाऊक. रस्त्यापलीकडे कॉफीचं दुकान होतं, सात डॉलरची कॉफी, कुत्र्यांसाठी पाण्याचं भांडं. आतून रेडिओवर कोणी तरी खळखळून हसत होतं, ते काचेतून अर्धवट ऐकू येत होतं. पाऊस आला म्हणून मी छज्ज्याखाली उभी राहिले. एक तरुण मुलगी दार ढकलून बाहेर आली, "आत या, भिजाल," म्हणाली. मी म्हटलं, नको, मी फक्त थांबलेय. तिने खांदे उडवले आणि दार माझ्यासाठी थोडा वेळ उघडं धरून ठेवलं. आत जायला काहीच हरकत नव्हती. मी गेले नाही.

आता पदकाची गोष्ट. १९९१ साली जस्टिनला रंगभूमीच्या आणि अभिनयाच्या सेवेसाठी ‘ऑर्डर ऑफ ऑस्ट्रेलिया’चं पदक मिळालं. सरकारी गौरव, आपल्या पद्मश्रीच्या जातकुळीतला. १९९७ साली, आई-बापांपासून तोडलेल्या मुलांवरचा मोठा चौकशी अहवाल आला; शेकडो पानांची रडारड म्हणून तो बाजूला सारणारेही होते. एप्रिल २००० मध्ये सरकारने सिनेटच्या समितीपुढे लेखी मांडलं, की दहा टक्क्यांपेक्षा जास्त मुलं काही नेलेली नव्हती, तेव्हा ‘चोरलेली पिढी’ हा शब्दप्रयोग बरोबर नाही. पिढी अशी चोरलेलीच नव्हती. जस्टिनने पदक परत केलं.

मला त्यातली सरकारची भाषा ऐकू येते, कारण ती भाषा मी ऑफिसात रोज लिहिते. ‘प्रमाण नगण्य’. ‘शब्दयोजना अतिशयोक्त’. आणि तिच्या बाजूने बघितलं तर, ज्या हातांनी नऊ वर्षांपूर्वी छातीवर पदक लावलं, तेच हात आता सांगत होते की अकराव्या वर्षी तुझं जे झालं ते दहातलं एक होतं. तिने आयुष्यभर जो सुस्कारा, जो सोफ्याच्या टोकावरचा वावर पडद्यावर आणला, ज्याच्यासाठी गौरव झाला, तो आला कुठून हेच नाकारायचं म्हटल्यावर पदकाचं करायचं काय? २००७ च्या एप्रिलमध्ये ती गेली, कॅन्सरने, चोपन्नाव्या वर्षी. देशाच्या पंतप्रधानाने संसदेत उभं राहून माफी मागितली ती १३ फेब्रुवारी २००८ ला. दहा महिने. आमच्या ऑफिसात तेव्हा मोठा टीव्ही लावला होता आणि सगळे उभे राहून बघत होते. मी नवीन होते. माझ्या शेजारची फ्रंट डेस्कवरची बाई रडत होती, आणि मी तिला टिश्यू द्यावा की नको या विचारात होते. भाषण मी ऐकलंच नाही.

इथे जुने सिनेमे लागायच्या आधी पडद्यावर सूचना येते, की यात मृत व्यक्तींचे चेहरे आणि आवाज असू शकतात. अनेक अ‍ॅबोरिजिनल समाजांत गेलेल्या माणसाचं नाव काही काळ घेत नाहीत, चित्र दाखवत नाहीत. मी इतक्या वेळा तिचं नाव लिहिलं ते बरोबर की चूक, मला सांगता येत नाही. आमची आजी आजोबांचं नाव जन्मात घ्यायची नाही, आणि हळदीकुंकवाला उखाण्यात मात्र ठसक्यात घ्यायची. काही नावं घ्यायला निमित्त लागतं.

पुढच्या गोष्टी बऱ्या आहेत. १९९२ मध्ये ऑस्ट्रेलियन टीव्हीवरच्या मालिकांत सलग भूमिका करणारे अ‍ॅबोरिजिनल नट किती, याची मोजणी झाली होती. उत्तर आलं, शून्य. १९९९ मध्ये दोन. २०११ ते १५ या काळात मालिकांतल्या मुख्य पात्रांत पाच टक्के, लोकसंख्येतल्या प्रमाणाहून थोडे जास्तच. डेबोरा मेलमनने १९९५ मध्ये वेस्ली इनॉक यांच्याबरोबर एक एकपात्री लिहिलं आणि स्वतः केलं. रंगमंचावर दोरांनी टांगलेली बर्फाची लादी, खाली लाल माती, आणि प्रयोगभर थेंब टपकत राहतात. त्यात ती मातीचे छोटे ढीग मांडून नातेसंबंध समजावते, हा ढीग जमिनीचा, हे आजी-आजोबा, ही मुलं. आणि मग हाताने सगळे ढीग विस्कटून टाकते. मी ते प्रत्यक्ष पाहिलेलं नाही, संहिता वाचली. वाचतानाही बोटांना माती लागल्यासारखी वाटली. तीन वर्षांनी ‘रेडियन्स’साठी ऑस्ट्रेलियातल्या सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार तिला मिळाला, तो मिळवणारी ती पहिली अ‍ॅबोरिजिनल स्त्री. लिया परसेल लिहिते, दिग्दर्शन करते, नायिकाही होते. (तिच्या लोकांपैकी एकांचं नाव ‘गोवा’ आहे. हे वाचून मी माझ्या म्हापशाच्या मावशीला फोन केला होता, मावशी म्हणाली, "आमचे लोक पोचणार नाहीत अशी जागा नाही.")

मंडळाच्या आढावा बैठकीत मी विषय काढला. चहा-चिवड्याच्या वेळी, हळूच. आदिवासी नाचाचं जरा बघायला हवं, म्हटलं. निदान रंग तरी नको. आधी कोणाला कळलंच नाही मी कशाबद्दल बोलतेय. मग एक काकू म्हणाल्या, "लहान मुलं आहेत गं, किती गोड दिसत होती." एक गृहस्थ म्हणाले, "उद्या कोळीनाच बंद करा म्हणाल. आपल्यात कोळी आहेत किती?" खरंच, एकही नाही. आणि कोळीनाच नाही असा आमचा एकही कार्यक्रम झालेला नाही. मी स्वतः टोपली डोक्यावर घेऊन नाचले आहे आणि पुन्हा नाचायला मला आवडेल. तिसऱ्याने हुकमाचं पान टाकलं, "बालगंधर्व काय बाई होते?" सगळे हसले, चिवडा फिरला. बालगंधर्व शालू नेसून उभे राहायचे त्या काळी बायकांना त्या मंचावर पाऊल ठेवायची चोरी होती, हे उत्तर मला नेहमीप्रमाणे घरी आल्यावर, भांडी घासताना सुचलं. कोळीनाचाचं उत्तर अजून सुचलेलं नाही.

हॉलवरच्या त्या बाईंना भेटावं असं दोनदा ठरवलं. एकदा गेलेही, दिवाळीच्या बुकिंगचं निमित्त काढून. त्यांची बदली झाली होती की सुट्टी होती. काउंटरवर एक मुलगा होता, त्याने फॉर्म दिला. काय बोलले असते मी? सॉरी, तो आमचा आदिवासी नाच होता? आणि मग आमच्या आदिवासींची सॉरी कोणाला सांगायची, ठाकरवाडीची एसटी तर केव्हाच गेली.

परवा आमच्या नृत्य बसवणाऱ्या मुलीचा मेसेज आला. हुशार मुलगी आहे, फार्मसिस्ट, मुलांवर जीव टाकते. यंदा प्रजासत्ताक दिनाला ‘भारताची लोकनृत्यं’ करायची आहेत, तीच मुलं, तोच आयटम थोडा वाढवून. "ताई, तो ब्राउन डबा तुमच्याकडेच आहे ना?"

मी बाथरूमच्या कपाटातून तो काढला. झाकण अजून तसंच घट्ट आहे, उघडायला रुमाल घ्यावा लागला. आतला रंग वरून थोडा सुकलाय, मध्ये माझ्या तीन बोटांचे खड्डे. तिच्या फोनवर निळ्या टिका उमटल्या असणार, म्हणजे मी वाचलंय हे तिला कळलं होतं.

"संपला गं," मी लिहिलं.

पाऊण डबा भरलेला आहे.